आडवी वाट, उभी नदी

बुलढाणा जिल्ह्याच्या उत्तर भागाचा नकाशा समोर पसरला की पहिल्यांदा डोळ्यांत भरते ती त्यावरची चौकट. माणसानं आखलेलं जे काही आहे ते बहुतेक आडवं आहे: मुंबई-नागपूर लोहमार्ग, सुरतेकडून येणारा राष्ट्रीय महामार्ग, त्याच्याही आधीची बऱ्हाणपूर-बाळापूरकडची जुनी वाट. आणि पाण्यानं जे आखलंय ते उभं. नळगंगा, विश्वगंगा, ज्ञानगंगा या तिन्ही नद्या अजिंठ्याच्या डोंगरातून उतरतात आणि जवळजवळ एकमेकींना समांतर उत्तरेकडे जाऊन पूर्णेला मिळतात. वडनेर भोलजी हे नांदुरा तालुक्यातलं गाव या चौकटीतल्या मधल्या चौकात बसलंय. पश्चिमेला मलकापूर, पूर्वेला नांदुरा, आणि खोरं विश्वगंगेचं. महामार्गावरून जाणाऱ्या माणसाला हे गाव पाटीवर दिसतं, नदी पुलाच्या कठड्यापुरती दिसते आणि दोन्ही मागे पडतात. या नदीचा इतिहास म्हणून जे काही कागदावर आलंय तेही असंच आहे. नदी ओलांडणाऱ्यांनी लिहिलेलं. तिच्या काठानं चालत गेलेल्या माणसानं लिहिलेलं फारसं काही नाही.

म्हणून सुरुवात वरून करावी हे बरं.

बुलढाणा शहर समुद्रसपाटीपासून सुमारे 650 मीटर उंचीवर, अजिंठ्याच्या डोंगररांगेच्या माथ्यावर वसलंय. विश्वगंगेचा उगम याच शहराच्या परिसरातला. पण याच तालुक्यात पैनगंगाही उगम पावते आणि तिची वाट अगदी उलटी आहे. ती चिखली-मेहकरकडून आग्नेयेला वळते, वर्ध्याला मिळते, पुढे गोदावरीत जाते आणि बंगालच्या उपसागरात संपते. विश्वगंगेचं पाणी पूर्णेत, पूर्णेचं तापीत आणि तापीचं अरबी समुद्रात. म्हणजे आषाढातली एकच सर माथ्यावरच्या पाणलोटाच्या रेषेवर पडली, तर तिचे काही थेंब पूर्वेच्या समुद्राला लागतात आणि काही पश्चिमेच्या. गंमत अशी की या जिल्ह्यात पूर्णा नावाच्या नद्याही दोन आहेत. उत्तरेची पूर्णा तापीची, तर सिंदखेडराजा-लोणारकडची पूर्णा गोदावरीची. बाहेरगावहून बदलून आलेला नवा तलाठी पहिल्या पावसाळ्यात या दोन पूर्णांत गोंधळला नाही तरच नवल.

जुन्या वऱ्हाडात या दोन जगांना दोन नावं होती. डोंगरावरचा प्रदेश बालाघाट आणि डोंगराखालचं सपाट, काळ्या मातीचं मैदान पायनघाट. विश्वगंगा या दोघांना जोडते, पण ते काम ती घाईत उरकते. बुलढाण्यापासून वडनेर सरळ रेषेत 35-40 किलोमीटरांवर आहे आणि त्याची उंची अडीचशे-पावणेतीनशे मीटरच्या घरात. जवळजवळ चारशे मीटरची ही उतरण, आणि तिचा मोठा वाटा नदी सुरुवातीलाच, घाटाच्या कड्यांत उतरून टाकते. मोताळा-मलकापूरकडे जाणारा राजूर घाट याच कड्यावरून खाली येतो. घाटातल्या नाल्यांना पावसाळ्यात पाणी फुटतं ते तासा-दोन तासांसाठी. खडक बेसाल्टचा, त्यात पाणी मुरायला जागा थोडी. वर ढग फुटला की खाली लोंढा आलाच. पाऊस थांबला की लोंढाही तेवढ्याच लगबगीनं ओसरतो. वर्षाचा पाऊस सातशे-आठशे मिलीमीटर, तोही चार महिन्यांत आणि त्यातल्या मोजक्या दिवसांत. असल्या पावसावर बारमाही नदी पोसली जात नाही. ही सारी नाल्याच्या स्वभावाची नदी आहे, नाव मात्र गंगेचं.

डोंगराच्या पायथ्याकडच्या जंगलालगत नदीवर पलढगचं धरण आहे. मध्यम प्रकल्प, साठा 7.51 दशलक्ष घनमीटर. शेजारच्या नळगंगेवर शेलापूरजवळ जे धरण आहे त्याचा साठा 69.32 दशलक्ष घनमीटर, म्हणजे नऊपटीहून अधिक. यावरून विश्वगंगेची ऐपत कळावी. लहान धरण असल्यानं चांगल्या पावसात पलढग लवकर भरतं, सांडवा वाहू लागतो आणि नदीकाठच्या गावांना सावधानतेचा इशारा जातो. या भागाला लागूनच ज्ञानगंगा अभयारण्य आहे. 1997 साली जाहीर झालेलं, सुमारे 205 चौरस किलोमीटरचं. 2019 च्या डिसेंबरात या जंगलात एक वाघ येऊन पोचला. यवतमाळच्या टिपेश्वर अभयारण्यातून निघालेला, गळ्यात रेडिओ कॉलर असलेला. तेलंगणातल्या भागासह कित्येक जिल्हे पालथे घालून त्यानं इथं मुक्काम ठोकला. देशात नोंद झालेल्या वाघांच्या सर्वांत लांब भटकंत्यांत त्याची गणना झाली. माणसांचे बहुतेक रस्ते आडवे, पण हा वाघ बालाघाटाच्या कडेकडेनं, नाल्या-ओढ्यांच्या सावलीनं आला. नदीच्या खोऱ्याचा उपयोग वाट म्हणून कसा करायचा हे त्याला माणसांपेक्षा चांगलं कळलं असावं.

पायथा संपला की नदीचा सगळा बाज बदलतो. वर पात्रात दगडगोटे, मध्ये वाळू आणि खाली निव्वळ गाळ. पूर्णेचं खोरं हा एका प्रचंड खोलगटात साचलेला गाळ आहे. सातपुड्याच्या पायथ्याशी जमीन खचली आणि लाखो वर्षं दोन्हीकडच्या डोंगरांतून नद्यांनी आणलेली माती त्यात भरत गेली. काही ठिकाणी या गाळाचा थर शेकडो मीटर खोल आहे. त्यामुळे वडनेरच्या परिसरात विहीर खणणाऱ्याला घाटावरच्यासारखा काळा कातळ सुरुंगानं फोडावा लागत नाही. त्याची भीती वेगळीच असते. काठ ढासळण्याची. नदीलाही तेच. मऊ मातीत ती खाली खाली कापत जाते, दोन्ही अंगांना उभ्या दरडी राहतात, आणि उन्हाळ्यात पुलावरून पाहिलं तर नदी म्हणजे रुंद, खोल, कोरडी चर वाटते. काठावर बाभळी, पात्रात मधूनमधून डोह. पूर्वी या डोहांवर गावाचे उन्हाळे निघत.

डोहही आटला की झिरा. वाळूच्या पट्ट्यात ओलीची खूण पाहून बायका हातानं नाहीतर पत्र्याच्या डब्यानं खड्डा उकरायच्या. हातभर खाली वाळू काळपट, ओलसर लागली की थांबायचं. आधी गढूळ पाणी येतं, ते उपसून टाकायचं. मग तळाशी हळूहळू नितळ पाणी जमतं. वाटीनं किंवा नारळाच्या करवंटीनं, तळाची वाळू ढवळली जाणार नाही अशा बेतानं ते उचलायचं, फडक्यातून हंड्यात गाळायचं. एक हंडा भरायला लागणारा वेळ म्हणजे तिथल्या गप्पांचा वेळ. झिऱ्याचं पाणी विहिरीपेक्षा गोड, असं जुनी माणसं सांगतात आणि त्यात नुसता आठवणींचा गोडवा नाही. वाळूतून गाळून आलेलं ते नदीचं ताजं पाणी. विहिरीचं पाणी जसजसं उत्तरेकडे, पूर्णेकडे जावं तसतसं मचूळ होत जातं. वाळूचा उपसा वाढला, पात्रात नुसती माती उरली, आणि झिरा उकरायला जागाच राहिली नाही. नळाचं पाणी आलं ते बरंच झालं. पण वाळू गेली म्हणजे नदीची साठवणीची कोठीच गेली, हे त्या नळामुळे लक्षातही आलं नाही.

पोळ्याचंही या नदीशी तसंच नातं. पोळ्याच्या आदल्या दिवशी खांदमळणी. बैलांना नदीवर नेऊन घासूनपुसून धुवायचं, वर्षभर जुवाखाली घट्टे पडलेल्या खांद्यांना हळद आणि तूप-लोणी चोळायचं, पळसाच्या पानांनी शेकायचं. श्रावण सरता सरता नदीला पाणी असतंच, त्यामुळे हा एक सण तरी तिला चुकत नाही. आता ट्रॅक्टर फार झाले, बैलजोड्या मोजक्या राहिल्या. काही पोरं पोळ्याला ट्रॅक्टरही धुतात, आणि त्यांना हसावं असं त्यात काही नाही.

पूर्णा जवळ आली की खारपाणपट्टा. अमरावती, अकोला आणि बुलढाणा या तीन जिल्ह्यांत पूर्णेच्या दोन्ही काठांनी पसरलेला, सुमारे नऊशे गावांचा हा पट्टा. जमीन काळीभोर, कसदार दिसणारी. पण खालचं पाणी खारं. पिण्याला कामाचं नाही आणि ओलिताला दिलं तर जमिनीचा पोत बिघडतो, माती चोपण होते. त्यामुळे हाताशी पाणी असूनही इथला शेतकरी कोरडवाहू राहिला. या खारेपणाचा एकेकाळी धंदाही होता. अकोल्याकडे दहीहंड्याच्या परिसरात मिठाच्या विहिरी होत्या. खोल विहिरींतलं खारं पाणी उपसून, वाफ्यांत आटवून मीठ काढलं जाई. समुद्रापासून इतक्या दूर, घरचं मीठ. रेल्वे आली, तिच्याबरोबर किनाऱ्याचं मीठ आलं आणि हा धंदा बसला. रेल्वेनं वऱ्हाडात काय आणलं हे पुष्कळांनी लिहिलंय. काय बुडवलं याच्या यादीत मीठ वरच्या ओळीत हवं.

पूर्णेपलीकडे जळगाव जामोद तालुक्यात भेंडवळ. अक्षय्य तृतीयेला तिथं शेतात घटमांडणी होते. घागरीभोवती अठरा धान्यं, करंजी, विडा मांडून रात्र काढायची आणि दुसऱ्या दिवशी पहाटे त्यांची हालचाल पाहून पाऊस-पाण्याचं भाकीत सांगायचं. वाघ घराण्याकडे असलेली ही परंपरा साडेतीनशे वर्षांची मानली जाते. हवामानशास्त्रात तिला आधार नाही आणि अंधश्रद्धेविरुद्ध काम करणाऱ्यांनी तसं वारंवार सांगितलंही आहे. तरीही खारपाणपट्ट्यातला शेतकरी ते ऐकतो. ज्याच्या विहिरीला गोडं पाणी नाही, ज्याची नदी दिवाळीनंतर वाहत नाही, त्याचं सगळं वर्ष आभाळावर टेकलेलं असतं. आभाळाबद्दल कुणीही काही सांगितलं तरी तो कान देणारच.

आता आडव्या वाटेकडे.

पायनघाटातली मोठी गावं एका ओळीत मांडून पाहिली तर गंमत कळते. मलकापूर नळगंगेवर. नांदुरा ज्ञानगंगेवर. बाळापूर मन आणि म्हैस या नद्यांच्या संगमावर. अकोला मोर्णेवर. पश्चिमेकडून पूर्वेकडे जाणारी वाट जिथं जिथं एखादी उभी नदी ओलांडते, तिथं तिथं गाव मोठं झालंय. कारण सरळ आहे. लष्कर असो, लमाणांचा तांडा असो की गाडीवान, नदीशी सगळ्यांना थांबावं लागे. उतार कुठं आहे ते विचारावं लागे, जनावरांना पाणी पाजावं लागे आणि पाणी चढलेलं असलं तर एक-दोन मुक्काम पडत. मुक्काम पडला की बाजार भरतो, बाजार भरला की जकातीचं ठाणं येतं. नळगंगा आणि ज्ञानगंगा यांच्या मधल्या विश्वगंगेवर हे काम वडनेर आणि चांदूर या दोन गावांनी वाटून घेतलं. चांदूरला आजही चांदूर बिस्वा म्हणतात आणि त्या बिस्व्यात विश्वगंगाच डोकावते. वडनेरला भोलजी जोडलं जातं ते इतर वडनेरांपासून वेगळं ओळखू यावं म्हणूनही. दर्यापूरकडचं वडनेर गंगाई आहे, नाशिककडचं वडनेर भैरव आहे. ही गरज आजची नव्हे. अकबराच्या काळात 'ऐन-ए-अकबरी'त वऱ्हाड सुभ्यातल्या नरनाळा सरकारच्या महालांची जी यादी आली तिच्यातही वडनेरं दोन आहेत, आणि त्यांतलं एक हे. सोळाव्या शतकाच्या शेवटी महसुलाच्या कागदात स्वतंत्र महाल म्हणून नाव असणं म्हणजे गाव तेव्हा आजूबाजूच्या गावांचं मुख्य ठाणं होतं.

विश्वगंगेच्या खालच्या मुलखानं पाहिलेला सर्वांत मोठा खेळ 1720 च्या पावसाळ्यातला असावा. दिल्लीत सय्यद बंधूंचं राज्य चालू होतं आणि त्यांच्याशी बिनसलेला निजाम-उल-मुल्क माळव्यातून दख्खनेत उतरला होता. जूनमध्ये त्यानं बऱ्हाणपूरच्या उत्तरेला दिलावर अलीखानाचा पराभव केला. औरंगाबादेहून सय्यदांचा तरुण पुतण्या आलम अलीखान त्याच्यावर चालून निघाला, सोबत शाहू महाराजांच्या सरदारांच्या फौजा. आलम अलीचा तळ पडला हरताळ्याच्या तलावाजवळ, आजच्या मुक्ताईनगरच्या बाजूला. निजाम पूर्णेच्या पलीकडे. आणि मध्ये भर पावसाळ्यातली पूर्णा. दोन्ही फौजा एकमेकींच्या टप्प्यात, पण पाण्यामुळे हात बांधलेल्या.

बखरकार लढायांचं वर्णन तलवारी-तोफांनी करतात. मुघल इतिहासकार खाफीखानानं या मोहिमेचं वर्णन चिखलानं केलंय. निजामानं पूर्णेच्या काठानं वर, वऱ्हाडच्या बाजूला सरकायला सुरुवात केली. स्थानिक जमीनदारांच्या मदतीनं चौदा-पंधरा कोसांवर उतार सापडला आणि तिथून फौज पार झाली. हरताळ्यापासून पूर्वेला तेवढं अंतर मोजलं तर बोट येऊन टेकतं ते मलकापूर-नांदुरा भागातल्या पूर्णाकाठावर. म्हणजे विश्वगंगा जिथं पूर्णेला मिळते त्याच टापूत. इतिहासाच्या पुस्तकात त्या जमीनदारांची नावं सहसा येत नाहीत. पण दख्खनेत दोनशे वर्षं टिकलेल्या आसफजाही राज्याचा पाया ज्या मोहिमेत घातला गेला, तिची किल्ली पात्रात पाणी कुठं कमरेइतकं आहे हे माहीत असलेल्या माणसांच्या हातात होती.

पार झाल्यावर हाल संपले नाहीत. काळी माती ओली झाली की काय होते हे पायनघाटात राहिलेल्या कुणालाही सांगावं लागत नाही. पायाला ढेकळं चिकटतात, बैल पोटापर्यंत रुततो, गाडीची चाकं फिरण्याऐवजी घसरतात. तोफा ओढणाऱ्या जनावरांचं काय झालं असेल याची कल्पना करावी. पाऊस थांबेना, मराठा स्वार रसद तोडत होते, छावणीत धान्य महागलं, चारा मिळेना. आडव्या येणाऱ्या लहान नद्या त्या दिवसांत मोठ्या नदीपेक्षा कमी त्रासदायक नव्हत्या, कारण त्या अंदाज देत नाहीत. सकाळी गुडघाभर पाणी, दुपारी घाटावर पाऊस, संध्याकाळी दोन पुरुष. अशा हालांत शेगावच्या बाजूनं निजाम बाळापूरकडे सरकला आणि 10 ऑगस्टला तिथं लढाई झाली. आलम अलीखान तीत मारला गेला.

त्यानंतरचं शतक वऱ्हाडात दोअमलीचं. निजाम आणि नागपूरकर भोसले दोघंही महसुलावर हक्क सांगत, आणि रयतेला दोन धन्यांचा जाच. वाटेवरच्या गावांना तिसराही जाच होता, जाणाऱ्या-येणाऱ्या फौजांचा. 1761 मध्ये रघुनाथरावाच्या फौजेला 60 हजार रुपये देऊन मलकापुरानं आपली लूट टाळली, अशी नोंद आहे. तेवढी रक्कम उभी करता आली यावरून मलकापूरची श्रीमंती कळते. शेजारच्या लहान गावांनी काय दिलं आणि काय गमावलं याच्या नोंदी ठेवायला कुणाला सवड नव्हती.

मग कापूस आला. खरं म्हणजे कापूस इथं होताच, त्याला बाजार आला. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला वऱ्हाडचा कापूस बैलांच्या पाठीवर लादून थेट गंगाकाठच्या मिर्झापूरला जाई. मुंबईची वाट नंतर उघडली. 1825-26 मध्ये विकाजी-पेस्तनजी या पारशी पेढीनं 1 लाख 20 हजार पौंड कापूस 500 बैलांवर लादून मुंबईला पाठवला, ती पहिली मोठी खेप मानली जाते. दर बैलामागं सुमारे 240 पौंड. हे सगळं फक्त कोरड्या दिवसांत. जूनपासून दसऱ्यापर्यंत वाट बंद म्हणजे बंद. नद्यांना पूर आणि रानात चिखल. म्हणून कापसाचा हंगाम आणि वाटेचा हंगाम यांची सांगड घालावी लागे. माघारली ती खेप पावसात सापडली की बोंड कुजलं, रंग गेला, भाव पडला.

1853 मध्ये निजामानं वऱ्हाड इंग्रजांच्या ताब्यात दिलं. पुढच्या दशकात अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, तिकडचा कापूस थांबला आणि मँचेस्टरच्या गिरण्यांची नजर या काळ्या मातीवर खिळली. ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेची नागपूर शाखा भुसावळहून मलकापूर, नांदुरा, जलंब, शेगाव अशी पुढे सरकत गेली आणि 1867 च्या फेब्रुवारीत नागपूरला पोचली. 1870 मध्ये जलंबहून खामगावला फाटा गेला, त्याच्या उद्घाटनाला खुद्द व्हाइसरॉय लॉर्ड मेयो आला. रेल्वेच्या अभियंत्यांनी या मुलखात जे केलं ते मुख्यतः पूल बांधणं. जमीन सपाट असल्यानं रूळ टाकणं सोपं, पण दर काही मैलांवर एक उभी नदी. त्यांतला एक पूल विश्वगंगेवर. या पुलाजवळच्या स्थानकाचं नावच 'बिस्वा ब्रिज' पडलं. शेजारच्या वस्तीचं नाही, देवळाचं नाही, नुसत्या नदीचंही नाही. पुलाचं. मलकापूर आणि नांदुरा यांच्या मधलं हे स्थानक आजही त्याच नावानं ओळखलं जातं, आणि जलद गाड्या तिथं थांबत नाहीत.

या एका नावात बरंच काही आलं. पूल झाल्यावर नदीशी थांबायची गरज संपली. उताराची माहिती असलेल्या माणसाची किंमत संपली. पावसाळ्यात वाट बंद राहण्याचा नियम संपला. ज्या कारणानं वडनेर-चांदूरसारखी गावं ठाणी बनली होती ते कारणच गेलं. व्यापार स्थानकाच्या मागं गेला, सरकी काढायचे कारखाने आणि कापसाचे प्रेस मलकापूर-नांदुऱ्याला गेले. वडनेर बाजाराचं गाव राहिलं, पण मोठ्या वाटेवरचा थांबा राहिलं नाही. गाव बुडालं असं काही नव्हे, शेती होतीच. चौकातलं महत्त्व तेवढं उतरलं.

इंग्रजी गॅझेटियरांत विश्वगंगेला जागा मिळाली, पण अंग चोरून. आल्फ्रेड लायलचं वऱ्हाडचं गॅझेटियर 1870 चं, नेल्सनचं बुलढाणा जिल्ह्याचं 1910 चं. उगम बुलढाण्याजवळ, उत्तरेकडे वाहते, पूर्णेला मिळते. असल्या वर्णनावर नदीची बोळवण होते. महसूल अधिकाऱ्याच्या नजरेनं ते बरोबरच होतं. या नदीवरून नाव जात नाही, तिच्यावर कालवा निघत नाही आणि तिच्यावर कर बसत नाही. तो बसतो काठच्या काळीवर, आणि त्या काळीची मोजणी मात्र 1860 च्या दशकात शेत न् शेत झाली. गॅझेटियरवाल्यांवर राग धरण्यात अर्थ नाही. देशी भाषांतल्या लेखकांनी तरी या नदीसाठी दुसरी ओळ कुठं लिहिली?

विसाव्या शतकात आडव्या वाटेनं पुन्हा रूप बदललं. हजीरा-कोलकाता मार्ग राष्ट्रीय महामार्ग 6 झाला. नव्या क्रमांकांत तो 53 आहे, हजीरा ते पारादीप. वडनेर पुन्हा मोठ्या वाटेवर आलं. ढाबे, टायरवाले, गॅरेजं. इथं भूगोलाची एक मजा सांगण्यासारखी आहे. विश्वगंगेचं पाणी पूर्णेतून चांगदेवला तापीत जातं, हतनूर आणि उकाई ही धरणं ओलांडून सुरतेच्या खाली हजीऱ्यालगत समुद्राला मिळतं. आणि तिला वडनेरजवळ आडवा छेदणारा महामार्ग सुरू होतो तोही हजीऱ्यापासूनच. काटकोनात भेटून फारकत घेणाऱ्या या दोघांचं पश्चिमेचं टोक एकच. ट्रक ते अंतर रात्रीत कापतो. पाण्याला किती दिवस लागतात हे धरणांच्या दारांवर अवलंबून.

या महामार्गाचं चौपदरीकरण बराच काळ रेंगाळलं, त्यावर लोकांनी मोर्चेही काढले आणि विनोदही केले. पण त्याच कामातून एक चांगली गोष्ट निघाली. रस्त्याच्या भरावाला मुरूम-माती लागते. ती डोंगर फोडून आणण्याऐवजी गाळानं भरलेले तलाव, नाले आणि नद्यांची पात्रं खोदून आणायची. रस्त्याला माती मिळते, तलावाला खोली मिळते आणि सरकारला खोदाईचा वेगळा खर्च पडत नाही. 'बुलढाणा पॅटर्न' या नावानं ही पद्धत नीती आयोगापर्यंत पोचली. 2018 मध्ये भारतीय जैन संघटनेनं जिल्ह्यात 'सुजलाम् सुफलाम्' मोहीम चालवली, तीही जेसीबी लावून गाळ काढण्याचीच. या खोदकामात सगळंच शहाणपणाचं झालं असं मानायचं कारण नाही. पात्र सरसकट खोल आणि सरळ केलं की पाणी मुरण्याऐवजी पळतं, आणि वाळूचा थर काढला तर साठवणीची जागाच जाते. मात्र आडव्या वाटेनं उभ्या पाण्याला काही परत दिलं असा प्रसंग या मुलखाच्या इतिहासात दुसरा शोधून सापडत नाही.

नांदुरा तालुक्यातच पूर्णेवर जिगावचं धरण बांधलं जातंय. नव्वदच्या दशकात काही शे कोटींचा म्हणून ठरलेला हा प्रकल्प आता कित्येक हजार कोटींवर गेला. बुडितात जाणाऱ्या गावांच्या पुनर्वसनाचे वाद अजून मिटलेले नाहीत. खारपाणपट्ट्याला गोडं पाणी द्यायचं तर पूर्णेवर साठा हवा, असा त्यामागचा हिशेब. हिशेब पटतो. त्याची किंमत कुणी मोजायची, यावर वाद आहे.

आणि 2024 मध्ये राज्य सरकारनं मंजुरी दिलेला वैनगंगा-नळगंगा नदीजोड प्रकल्प. भंडाऱ्याकडच्या गोसीखुर्द धरणातून पाणी उचलून सव्वाचारशे किलोमीटरच्या कालव्यानं ते विदर्भभर फिरवत बुलढाणा जिल्ह्यात नळगंगा धरणापर्यंत आणायचं. अंदाजे खर्च ऐंशी हजार कोटी रुपयांच्या वर. नकाशावर बोट ठेवून पाहिलं की लक्षात येतं, हा कालवाही आडवाच आहे, पूर्वेकडून पश्चिमेकडे. नळगंगेला पोचायचं तर त्याला आधी ज्ञानगंगेचं आणि विश्वगंगेचं खोरं ओलांडावं लागणार. म्हणजे फौज, लमाण, आगगाडी, ट्रक यांच्यामागून आता पाणीही विश्वगंगा आडवी ओलांडून जाईल. त्यातलं किती खाली वडनेरच्या शिवाराकडे वळेल, पलढगच्या साडेसात दशलक्ष घनमीटरांत त्यानं किती भर पडेल आणि ती कुणाच्या शेताला मिळेल, हे कालव्याच्या फाट्यांचे आराखडे पक्के झाले की कळेल. तोवर पलढगचा सांडवा वाहू लागला की काठच्या गावांना इशारा जातो, आणि दिवाळीनंतर पात्र कोरडं पडतं.